पगाराची पायरी, कोर्टाची पायरी

यंदाच्या संक्रांतीच्या हळदीकुंकवाला मंडळातली एक तरुण शिक्षिका माझ्या शेजारी येऊन बसली. हातावर तिळगूळ ठेवला आणि "गोड बोला" म्हणायच्या ऐवजी हळूच विचारलं, "काकू, वकील करू का?"

मी दचकलेच. म्हटलं, "अगं, घरचं काही?"

"नाही हो, शाळेचं."

हकीकत अशी. ती इथे न्यू जर्सीतल्या एका पब्लिक स्कूलमध्ये विज्ञान शिकवते. नोकरीला पाच वर्षं झाली. पगार वाढावा म्हणून तिने ऑनलाईन मास्टर्सला नाव घातलं. दहापैकी दोन कोर्स चांगल्या ग्रेडने पुरे केले आणि फी परत मिळावी म्हणून डिस्ट्रिक्टच्या ऑफिसात अर्ज दिला. उत्तर आलं की कोर्स घेण्याआधी परवानगी घेतली नव्हती, सबब फी मिळणार नाही आणि ही क्रेडिट्स पगारासाठीही धरली जाणार नाहीत. मुलगी रडकुंडीला आली होती. घराचा हप्ता, पाळणाघराचे पैसे आणि त्यात रात्री जागून केलेला हा अभ्यास!

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असं आपल्याकडे म्हणतात. ते बऱ्याच अंशी खरंही आहे. पण शिक्षकी पेशातल्या शहाण्याने दुसरी एक पायरी मात्र दरवर्षी तपासून पाहावी. ती म्हणजे पगाराची. मी सव्वीस वर्षं इथल्या हायस्कुलात गणित शिकवून २०२० साली निवृत्त झाले. ही पायरी न तपासल्याची किंमत मी स्वतः मोजली आहे. आपल्या मंडळात पब्लिक स्कूलमध्ये शिकवणाऱ्या बऱ्याच जणी आहेत आणि नव्याने या पेशात येऊ पाहणाऱ्याही आहेत. त्यांच्यासाठी हा लेखनप्रपंच. मी वकील नाही हे आधीच सांगते. पण हिशेब माझा विषय आहे.

उभी पायरी, आडवा रकाना

इथल्या शिक्षकांचा पगार साहेबाच्या मर्जीवर ठरत नाही. युनियन आणि शिक्षण मंडळ यांच्यातल्या करारात एक तक्ता असतो, त्याला सॅलरी गाईड म्हणतात. तक्त्यात वरून खाली स्टेप्स असतात, म्हणजे नोकरीच्या वर्षांप्रमाणे चढायच्या पायऱ्या. डावीकडून उजवीकडे रकाने असतात, ते शिक्षणाचे. पहिला रकाना बी.ए.चा, मग बी.ए. अधिक १५ किंवा ३० क्रेडिट्स, मग मास्टर्स, मग मास्टर्स अधिक ३० आणि शेवटी डॉक्टरेट. प्रत्येक डिस्ट्रिक्टचे रकाने थोडे वेगळे असतात, पण तत्त्व तेच.

तुमची पायरी आणि तुमचा रकाना जिथे मिळतात, तो आकडा तुमचा पगार. त्यामुळे सुरुवातीलाच चुकीच्या चौकटीत बसलात तर पुढची सगळी वर्षं त्याच चुकीवर वाढ मिळत राहते. पाया वाकडा असला की वरचा प्रत्येक मजला वाकडा जातो, तसंच हे.

माझी नऊ वर्षं

मी पुणे विद्यापीठाची एम.एस्सी., बी.एड. १९९४ साली नोकरी लागली तेव्हा ऑफिसातल्या बाईंनी विचारलं, "अमेरिकन डिग्री आहे का?" मी म्हटलं, "नाही." त्यांनी मला बी.ए.च्या रकान्यात पहिल्या पायरीवर टाकलं आणि मी आनंदाने सही केली. नोकरी मिळाली हेच खूप होतं. पदरी पडलं पवित्र झालं, हा आपला स्वभाव.

२००३ साली एकदा डबा खाताना नव्याने लागलेल्या सहकारी बाई सहज म्हणाल्या की त्यांना मास्टर्सचा रकाना मिळाला. त्यांची मास्टर्स युरोपातली होती. मी विचारलं, "परदेशी डिग्री चालते?" त्या म्हणाल्या, "मूल्यांकन करून आणलं की चालते." त्या दिवशी माझा डबा तसाच राहिला.

मी मुंबई-पुण्याला पत्रं पाठवून विद्यापीठातून मार्कांची सीलबंद प्रत मागवली, एका मूल्यांकन संस्थेकडून प्रत्येक विषयाचं सविस्तर मूल्यांकन करून घेतलं आणि माझं शिक्षण मास्टर्सच्या बरोबरीचं ठरलं. पुढच्या सप्टेंबरपासून रकाना बदलला. पण मागच्या नऊ वर्षांचं काय? आमच्या करारात लिहिलं होतं की त्या त्या वर्षाच्या ३० सप्टेंबरपर्यंत कागद दिले तर त्या वर्षापासून वाढ मिळेल, मागची थकबाकी मिळणार नाही. युनियनच्या प्रतिनिधीने करार उघडून ओळ दाखवली. करार माझ्याही कपाटात होता. मी तो कधी उघडलाच नव्हता.

ह्यांनी घरी कागदावर हिशेब मांडला. वर्षाला सरासरी अडीच हजार डॉलरचा फरक धरला तरी नऊ वर्षांचे साडेबावीस हजार झाले. त्यावरचं व्याज वेगळं. चूक कुणाची? ऑफिसने विचारलं नाही हे खरं, पण मीही सांगितलं नाही. सुदैव एवढंच की न्यू जर्सीत माझ्या काळात लागलेल्या शिक्षकांचं पेन्शन सर्वांत जास्त पगाराच्या तीन वर्षांच्या सरासरीवर निघतं. सेवेची वर्षं भागिले ५५, गुणिले ती सरासरी. माझी शेवटची वर्षं योग्य रकान्यात गेली, म्हणून पेन्शन वाचलं. मे २०१० नंतर सेवेत आलेल्यांना पाच वर्षांची सरासरी आणि ५५ च्या जागी ६० चा भागाकार आहे, हे तरुण मंडळींनी लक्षात ठेवावं.

समान पगारापासून पात्रता परीक्षेपर्यंत

माझा तोटा अज्ञानाचा होता. या देशात इतरांना याहून फार मोठे तोटे जाणूनबुजून सोसावे लागले, आणि आज आपल्याला मिळणारं संरक्षण त्यांनी कोर्टाची पायरी चढून मिळवलं आहे.

व्हर्जिनियातल्या नॉरफोक शहरात १९३९ साली अलाइन ब्लॅक या कृष्णवर्णीय रसायनशास्त्राच्या शिक्षिकेने समान पगारासाठी दावा लावला. शिक्षण मंडळाने तिचा करारच पुढे चालू ठेवला नाही. मग मेल्विन अल्स्टन हे शिक्षक पुढे आले. त्यांना वर्षाला ९२१ डॉलर मिळत, तर तितक्याच पात्रतेच्या गोऱ्या शिक्षकाला १,२००. त्यांच्या वकिलांमध्ये थर्गुड मार्शल होते, जे पुढे १९६७ साली सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती झाले. १९४० साली अपील कोर्टाने निकाल दिला की केवळ वर्णामुळे कमी पगार देणं घटनेविरुद्ध आहे.

इथे गोष्ट संपली असती तर बरं झालं असतं. पण वर्णावरून पगार ठरवता येत नाही म्हटल्यावर दक्षिणेतली काही राज्यं परीक्षेकडे वळली. साऊथ कॅरोलायनाने १९४५ साली 'नॅशनल टीचर एक्झामिनेशन' लागू केली. तिच्या गुणांवर शिक्षकाची पात्रताही ठरे आणि पगारही. ही पद्धत पुढे न्यायालयात गेली आणि १९७८ साली सुप्रीम कोर्टाने राज्याच्या बाजूचा निकाल कायम ठेवला. पात्रता आणि पगार यांची गाठ अशी जुनी आहे.

या गाठीचं आपल्या शेजारचं उदाहरण न्यूयॉर्क शहरातलं आहे. तिथे १९९३ पासून शिक्षकांना 'लास्ट' नावाची सामान्यज्ञानाची परीक्षा पास व्हावी लागे. ८० पर्यायी प्रश्न आणि एक निबंध. आधीपासून वर्गात शिकवत असलेले अनेक जण ती पास झाले नाहीत म्हणून त्यांचं लायसन्स गेलं. पण मुलांना शिकवायला माणसं तर हवीच होती. मग त्यांतल्या कित्येकांना सब्स्टिट्यूट म्हणून कमी पगारावर ठेवलं. काम शिक्षकाचं, पगार बदलीचा.

१९९६ साली कृष्णवर्णीय आणि लॅटिनो शिक्षकांच्या वतीने 'गुलिनो' नावाने ओळखला जाणारा दावा दाखल झाला. पहिल्या फेरीत ते हरले. २००६ साली अपील कोर्टाने शहराच्या शिक्षण मंडळाविरुद्धचा दावा पुन्हा जिवंत केला. २०१२ साली न्यायाधीश किंबा वुड यांनी निकाल दिला की या परीक्षेत काही समाजगटांचे लोक फार मोठ्या प्रमाणात गळतात आणि शिक्षकाच्या प्रत्यक्ष कामाशी परीक्षेचा संबंध सिद्ध झालेला नाही, म्हणून ती बेकायदा आहे. एकूण भरपाई १८० कोटी डॉलरच्या घरात जाईल, असा हिशेब २०२३ साली पुढे आला. दावा लावल्यानंतर सत्तावीस वर्षांनी! त्यातले कित्येक जण तोवर निवृत्त झाले होते.

या खटल्याचा अर्थ परीक्षा नकोच असा नाही. २०१५ साली त्याच न्यायाधीशांनी त्यानंतरची एक परीक्षा कायदेशीर ठरवली, कारण ती शिक्षकाच्या कामाशी जोडलेली होती. परीक्षा घ्या, पण ती कामाशी संबंधित आहे हे दाखवा, एवढंच कायद्याचं म्हणणं.

मागचा पगार किती होता?

दुसरा खटला कॅलिफोर्नियातला आणि तो आपल्याला फार जवळचा आहे. एलीन रिझो या गणिताच्या शिक्षिका २००९ साली फ्रेझ्नो काउंटीच्या शिक्षण कार्यालयात गणित सल्लागार म्हणून लागल्या. तिथला नियम असा की आधीच्या नोकरीच्या पगारावर पाच टक्के वाढवून पायरी ठरवायची. ॲरिझोनात त्यांचा पगार कमी होता, म्हणून त्या पहिल्या पायरीवर बसल्या. २०१२ साली सहकाऱ्यांबरोबर जेवताना त्यांना कळलं की त्याच कामावर नव्याने लागलेल्या एका पुरुष सहकाऱ्याला नवव्या पायरीवर घेतलं आहे. (माझ्यासारखंच हेही जेवताना कळलं! पगाराच्या गोष्टी ऑफिसात कळत नाहीत, डबा उघडल्यावर कळतात.)

अपील कोर्टाने २०१८ साली त्यांच्या बाजूने निकाल दिला. पण निकाल लिहिणारे न्यायाधीश तो जाहीर होण्याआधी काही दिवस वारले होते, म्हणून २०१९ साली सुप्रीम कोर्टाने तो रद्द केला. २०२० साली अपील कोर्टाने पुन्हा तोच निर्णय दिला की मागचा पगार हे स्त्रीला कमी पगार देण्याचं समर्थन होऊ शकत नाही.

आपल्यापैकी कितीजणी भारतात शिकवून इथे आल्या? तिथला रुपयांतला पगार डॉलरमध्ये करून कुणी तुमची पायरी ठरवली तर काय होईल याचा विचार करा. रिझो यांचा निकाल पश्चिमेकडच्या राज्यांतल्या फेडरल कोर्टांना बांधील आहे. पण आपल्या न्यू जर्सीतही १ जानेवारी २०२० पासून उमेदवाराला मागचा पगार विचारायला कायद्याने बंदी आहे. विचारलंच तर नम्रपणे "सांगायची गरज नाही" म्हणावं.

घड्याळ केव्हा सुरू होतं

या सगळ्या खटल्यांतून मला उमगलेली गोष्ट म्हणजे दावा खरा असून भागत नाही, तो वेळेत असावा लागतो.

लिली लेडबेटर शिक्षिका नव्हत्या, अलाबामातल्या टायरच्या कारखान्यात सुपरवायझर होत्या. आपल्याला पुरुषांपेक्षा कमी पगार मिळतो हे त्यांना फार उशिरा कळलं. २००७ साली सुप्रीम कोर्टाने पाच विरुद्ध चार मतांनी सांगितलं की पगाराचा निर्णय झाल्यापासून १८० दिवसांत तक्रार करायला हवी होती. यावर २००९ साली काँग्रेसने त्यांच्याच नावाचा कायदा केला. आता भेदभावाच्या पगाराचा प्रत्येक चेक हा नवा अन्याय मानला जातो आणि मुदत तिथून मोजली जाते. मात्र तेव्हाही मागची थकबाकी तक्रारीच्या आधीच्या दोन वर्षांपुरतीच मिळते.

आणि हा कायदा भेदभावासाठी आहे. माझ्यासारखी कागद न दिल्याची चूक, किंवा संक्रांतीच्या त्या मुलीसारखी परवानगी न घेतल्याची चूक, त्यात बसत नाही. तिथे करारातली मुदत चालते आणि ती बहुधा काही दिवसांची किंवा आठवड्यांचीच असते. न्यू जर्सीत शिक्षण आयुक्तांकडे दाद मागायची तर निर्णय कळल्यापासून ९० दिवसांत अर्ज करावा लागतो.

काय करावं?

१. करार मिळवा आणि वाचा. सॅलरी गाईड गुप्त नसतं. न्यू जर्सीतल्या डिस्ट्रिक्टचे करार पब्लिक एम्प्लॉयमेंट रिलेशन्स कमिशनच्या वेबसाईटवर कुणालाही पाहता येतात. नोकरी स्वीकारण्याआधी पाहावेत, नंतर नव्हे.

२. भारतातल्या पदव्यांचं प्रत्येक विषयाचं सविस्तर मूल्यांकन करून घ्या. आपली बी.ए. किंवा बी.एस्सी. तीन वर्षांची, इथली चार वर्षांची, त्यामुळे नुसती पहिली पदवी दाखवली तर अपुरी ठरू शकते. एम.एस्सी., बी.एड. असे सगळे कागद एकत्र द्या. बी.एड. पूर्वी एक वर्षाचं होतं, २०१५ पासून दोन वर्षांचं झालं आहे, हेही मूल्यांकनात दिसायला हवं. विद्यापीठातून सीलबंद प्रती यायला महिने लागतात. पुढच्या भारतभेटीत हे काम उरकून घ्या.

३. कोर्सला नाव घालण्याआधी सुपरिंटेंडंटची लेखी परवानगी घ्या. न्यू जर्सीत २०१० च्या कायद्याने फीचा परतावा किंवा पगारवाढ हवी असेल तर ही परवानगी आवश्यक आहे. संस्था मान्यताप्राप्त असावी लागते आणि कोर्सचा तुमच्या आजच्या किंवा पुढच्या कामाशी संबंध असावा लागतो. प्रिन्सिपलने मान डोलावली म्हणजे परवानगी झाली असं नाही. सुपरिंटेंडंटने नकार दिला तर शिक्षण मंडळाकडे अपील करता येतं.

४. कागद मुदतीत द्या आणि पोच घ्या. पोच नसेल तर कागद दिला नाही असंच समजा.

५. सप्टेंबरचा पहिला चेक आला की पगार तक्त्याशी ताडून पाहा. दहा मिनिटांचं काम आहे.

६. नकार आला तर तारीख वहीत लिहा आणि त्याच आठवड्यात युनियनच्या प्रतिनिधीला भेटा. वर्ण, लिंग किंवा मूळ देश यांवरून भेदभाव झाला असं वाटत असेल तर तो मार्ग वेगळा. फेडरल आयोगाकडे तक्रारीची मुदत न्यू जर्सीत ३०० दिवस आहे.

७. लायसन्सची अट बदलत असते. न्यू जर्सीत १ जानेवारी २०२५ पासून शिक्षकांची प्राथमिक कौशल्यांची परीक्षा रद्द झाली, पण विषयाची परीक्षा कायम आहे. मैत्रिणीने पाच वर्षांपूर्वी काय केलं यावर विसंबू नका. आणि सेवेत खंड पडू देऊ नका, कारण पंचवीस वर्षांची सेवा भरली तर निवृत्तीनंतरच्या आरोग्यविम्याचा मोठा भार राज्य उचलतं.

साताऱ्याचा फोन

लेख लिहीत असतानाच साताऱ्याहून धाकट्या जाऊबाईंचा फोन आला. त्या जिल्हा परिषदेच्या शाळेत तेवीस वर्षं शिकवतात. १ सप्टेंबर २०२५ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालाने त्यांची झोप उडवली आहे. पहिली ते आठवीच्या जुन्या शिक्षकांनाही टीईटी म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा लागू असल्याचं त्या निकालाने सांगितलं. निवृत्तीला पाच वर्षांहून अधिक अवधी असलेल्यांनी ती दोन वर्षांत पास व्हायची. पाचपेक्षा कमी उरली असतील तर नोकरी चालू राहील, पण टीईटीशिवाय बढती नाही. जाऊबाईंना अजून सात वर्षं आहेत. "वहिनी, पोरांचे पेपर तपासता तपासता आता माझाच पेपर," त्या म्हणाल्या. हसत म्हणाल्या खऱ्या, पण आवाज नेहमीचा नव्हता.

न्यूयॉर्कच्या शिक्षकांचं आणि त्यांचं दुःख एकाच जातीचं आहे. इतकी वर्षं वर्गात उभं राहिल्यावर पात्र आहात का असं विचारलं की माणूस आतून हलतो. मी त्यांना कायद्यावर बोलून दाखवलं नाही. एवढंच म्हटलं, "पुनर्विचाराचं काय व्हायचं ते होईल. तुम्ही मुदत धरून अभ्यासाला लागा, गणिताच्या शंका मला फोनवर विचारा." आता दर रविवारी सकाळी आमची शिकवणी चालते.

आणि संक्रांतीची ती मुलगी? तिने वकील केला नाही. नकाराचं पत्र येऊन सहाच दिवस झाले होते, म्हणजे घड्याळ नुकतंच सुरू झालं होतं. सोमवारी ती युनियनच्या प्रतिनिधीला भेटली. उरलेल्या आठ कोर्सची सुपरिंटेंडंटची लेखी परवानगी तिला मिळाली आहे. आधीच्या दोन कोर्सबद्दल तिने शिक्षण मंडळाकडे अर्ज केला आहे, त्याचा निकाल अजून लागायचा आहे. कदाचित त्या दोन कोर्सची फी पाण्यात जाईल. पण मास्टर्सचा रकाना तिला अजून वीस-पंचवीस वर्षं उपयोगी पडणार आहे. तिने परवानगीच्या पत्राची एक प्रत मला आणून दिली. म्हणाली, "काकू, तुमच्याकडेही असू दे."

मी ती माझ्या जुन्या कराराशेजारी ठेवली आहे. तुमचा करार कपाटात कुठे आहे, तेवढं आज रात्री पाहून ठेवा.